एका गट-फ्रेंडली भाताचे परीक्षण

‘गट-फ्रेंडली’ हा शब्द मी पहिल्यांदा ऐकला तेव्हा मला वाटले, आमच्या युनियनची काहीतरी नवी भानगड आहे. आमच्या शाखेत दोन गट आहेत. एक गट म्हणतो, संप करावा. दुसरा म्हणतो, संप करावाच, पण सोमवारी करावा, म्हणजे रविवारला जोडून येतो. या दोन्ही गटांशी फ्रेंडली राहून मी वीस वर्षे कारकुनी केली आहे. तेव्हा आपल्या अंगच्या या गुणाची अखेर वर्तमानपत्राने दखल घेतली, असे समजून मी चहाच्या कपातून तोंड वर काढले.

“बाबा, गट म्हणजे आतडं,” मनू म्हणाली. “इंग्रजीतला गट.”

मनू माझी मुलगी. अकरावीला आहे, सायन्सला आहे. मी कॉमर्सचा. त्यामुळे घरात तिचा शब्द आणि माझा पगार, अशी कामाची वाटणी झालेली आहे. तिच्या हातात रविवारची पुरवणी होती आणि पुरवणीत एक पाककृती होती. पाककृतीचे नाव : ‘ट्रॉपिकल गट-फ्रेंडली फ्यूजन राइस डिझर्ट’. एवढ्या लांबलचक नावात ओळखीचा असा एक भात तेवढा होता, तोही राइस होऊन आलेला. लग्नात आपला गावाकडचा चुलतभाऊ एकदम सूट घालून समोर यावा तसे मला झाले.

एरवी मी स्वयंपाकाच्या बाबतीत मत देत नाही. लग्नानंतर पहिल्या वर्षी दोनदा दिले होते, तेवढे पुरले. पण या भाताचे मात्र मी रीतसर परीक्षण लिहिणार आहे. नाटकाचे, सिनेमाचे, कवितासंग्रहाचे परीक्षण होते, मग भाताचे का नको? बरे, कवितासंग्रह न वाचताही त्याचे परीक्षण करता येते. भात निदान खावा लागतो. म्हणजे ही समीक्षा अधिक कष्टाची आहे. आणि ती लिहायला कारणही तसेच आहे. त्या कारणाचे नाव माईआत्या.

माईआत्या ही माझ्या वडिलांची थोरली बहीण. वय ८१. राजापूरकडच्या एका वाडीत एकटी राहते, किंवा राहत होती. मार्चमध्ये तिला न्यूमोनिया झाला. अकरा दिवस दवाखान्यात काढून, अँटिबायोटिक्सची सगळी पलटण पोटात उतरवून ती आमच्याकडे डोंबिवलीला आली. आजार गेला, पण जाताना भूक बरोबर घेऊन गेला. खाल्लेले एकतर पोटात बसून राही, नाहीतर बसायलाच तयार नसे. जेवायला बसली की ती ताटातली शिते बोटाने या बाजूची त्या बाजूला करी. लांबून पाहणाऱ्याला वाटावे, जेवण चालले आहे. मी कारकून आहे, मला कळते. नोंदी इकडच्या तिकडे केल्या म्हणजे शिल्लक बदलत नाही.

डॉक्टर म्हणाले, वजन वाढले पाहिजे. आजारापूर्वी ४१ किलो होते, ते ३७ वर आले होते. मग मी एक वही केली. दर रविवारी सकाळी माईआत्याला वजनकाट्यावर उभी करायची आणि आकडा वहीत लिहायचा. कारकुनाला दुसरे काय करता येते? तीन रविवार झाले, आकडा ३७ च्या आसपासच घुटमळत होता, आणि घुटमळणे शक्यतो खालच्या अंगाने. अशा वेळी मनूने ती पाककृती वाचली आणि म्हणाली, “मी आत्याआजीसाठी हे करते.”

तर आता परीक्षणाला सुरुवात करतो.

प्रथम फ्यूजनबद्दल. फ्यूजन म्हटले की आमच्या पिढीचे लोक नाक मुरडतात. मीही मुरडणार होतो, पण त्या दिवशी नेमकी एकादशी होती आणि माझ्या पुढ्यात साबुदाण्याची खिचडी होती. मनूने मला ती खाता खाता समजावून दिली. साबुदाणा ज्या कंदापासून करतात तो कंद दक्षिण अमेरिकेतला. शेंगदाणे दक्षिण अमेरिकेतले. बटाटाही तिथलाच. मिरची मेक्सिकोकडची. म्हणजे ज्या उपवासाला आपण कांदासुद्धा चालवून घेत नाही, त्या उपवासाला अख्खी अमेरिका ताटात घेऊन आपण विठ्ठलाचे नाव घेतो. विठ्ठलाने कधी तक्रार केल्याचे ऐकिवात नाही.

सत्यनारायणाच्या प्रसादात अननस घालणारी मंडळी आहेत. तो अननसही पोर्तुगीजांबरोबर जहाजातून आलेला. पपई तशीच आली. काजू, पेरू तसेच आले. एवढेच काय, ज्याच्या नावाने कोकणी माणसाची छाती दोन इंच फुगते तो हापूस! त्याचे नाव अफोन्सो द आल्बुकर्क या पोर्तुगीज सरदारावरून पडले म्हणतात, आणि कलमे बांधायची विद्याही पोर्तुगीजांनीच इकडे रुजवली. २०१८ साली कोकणच्या हापूसला भौगोलिक मानांकन मिळाले तेव्हा आम्ही पेढे वाटले. पेढे वाटताना पोर्तुगालची आठवण कुणाला झाली नाही. होऊही नये. चारशे-पाचशे वर्षे एका घरात नांदल्यावर सुनेचे माहेर काढू नये.

तेव्हा फ्यूजनला माझा तात्त्विक विरोध नाही. फ्यूजन म्हणजे आमच्या भाषेत विलीनीकरण. १ एप्रिल २०२० रोजी दहा सरकारी बँकांच्या चार झाल्या. तारीख पाहून काहींना ती थट्टा वाटली, पण ती खरी होती. आमची बँक त्या दहांत होती की नव्हती, हे मी सांगणार नाही. एवढेच सांगतो की, बाहेरची पाटी एका रात्रीत बदलता येते. आतली खाती जुळवायला वेळ लागतो. कुणाचे फॉर्म ठेवायचे, कुणाचे टाकायचे, कुठल्या शाखेने उठायचे, कुठल्या साहेबाने खुर्ची सोडायची, हे सगळे ठरावे लागते. दोन्हीकडचे सगळेच्या सगळे ठेवले तर त्याला विलीनीकरण म्हणत नाहीत, गर्दी म्हणतात.

पुरवणीतली पाककृती ही गर्दी होती. तिच्यात काय नव्हते? थायलंडचा चिकट तांदूळ होता, नारळाचे दूध होते. प्रोबायोटिक म्हणून दही होते. वर आंबा, अननस, पपई. त्यावर पाण्यात फुगवलेले चिया नावाचे बी, जे दिसायला आपल्या सब्जासारखेच, पण दिमाख निराळा. साखर वर्ज्य. ‘आवडीनुसार’ मध. मीठ नाहीच. गरम भातात दही आणि फळे कालवून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवावे, सकाळी आतडी प्रसन्न होतील, असा एकंदर आशय होता. ज्याला म्हणून पोटाच्या बाबतीत चांगले म्हणतात त्या सगळ्यांना एकाच वाडग्यात बोलावले होते. सर्वपक्षीय बैठकीला बोलावतात तसे. आणि निष्पन्नही तेच झाले.

शनिवारी रात्री मनूने भात केला. चिकट तांदूळ डोंबिवलीत मिळाला नाही. तो मी ठाण्याहून आणला. त्याची किंमत मी घरात सांगितलेली नाही आणि इथेही सांगणार नाही. दही घरचे होते. अननस मी स्वतः कापला आणि त्या कामी अंगठ्याचाही थोडा अंश खर्ची घातला. रात्री अकरा वाजता वाडगा फ्रिजमध्ये गेला. मनू झोपेपर्यंत दोनदा फ्रिज उघडून पाहून आली.

रविवारी सकाळी माईआत्याला वजनकाट्यावरून उतरवून खुर्चीत बसवली आणि तिच्या हातात वाटी दिली. तिने चमचाभर तोंडात घातला. माझे सगळे लक्ष तिच्या चेहऱ्याकडे. माईआत्याच्या चेहऱ्यावर काहीच उमटले नाही. जुन्या पिढीची माणसे, त्यांना चेहरा ठेवता येतो.

“छान झालंय हो,” ती म्हणाली. आणि वाटी खुर्चीखाली ठेवून वर ताटली झाकली.

मग मी खाल्ले. भात गारठून घट्ट झाला होता. चमचा आत जाताना जागेवर हरकत घेत होता. अननसाला पाणी सुटले होते. आणि दही कडू होते. आंबट नव्हे, कडू. काढ्यासारखे कडू.

“बाबा, कसं झालंय? खरं सांगा.”

आता पाहा. मी रोज खिडकीत बसतो. सही जुळली नाही तर मी लाखाचा चेक परत करतो, मग पुढे नगरसेवक असो की मंगल कार्यालयाचा मालक. त्या बाबतीत माझा हात थरथरत नाही. पण त्या दिवशी माझ्या पोरीने समोर धरलेला, सही न जुळणारा चेक मी पास केला. म्हणालो, “वेगळं आहे.”

वाचकहो, ‘वेगळं आहे’ हे मराठी समीक्षेतले सर्वांत भित्रे वाक्य आहे. नाटक पडले की ‘वेगळा प्रयोग’ म्हणतात. कविता कळली नाही की ‘वेगळी जाणीव’ म्हणतात. माझ्या एका मित्राने कथासंग्रह काढला तेव्हा मीही तीच दोन अक्षरे पोस्टाने पाठवली होती. तो अजून त्या आनंदात दुसरा संग्रह लिहितो आहे.

मनूने एक चमचा स्वतः खाल्ला. काही बोलली नाही. वाडगा उचलून आत गेली. बराच वेळ नळाचा आवाज येत राहिला. माझी सौ. माझ्याकडे अशी पाहू लागली की, तो भात मीच केला होता की काय, असे मला वाटू लागले. तेवढ्यात खुर्चीतून माईआत्या हळूच म्हणाली, “पोर रडते आहे काय रे? मी आपली चांगलं म्हटलं. मला मेलीला आता काही मानवतच नाही.”

त्या ‘मानवत नाही’ या शब्दापाशी मी अडलो.

मराठीत ‘मानवणे’ हे क्रियापद फार शहाणे आहे. ते एकटे कुठे जात नाही. अमक्याला मानवते, तमक्याला मानवत नाही, असा कुणीतरी माणूस त्याला बरोबर लागतोच. मुंबईची हवा मला मानवते, माझ्या साडूला मानवत नाही. दूध तुम्हाला मानवत असेल, शेजारच्यांना मानवत नसेल. ‘गट-फ्रेंडली’ या शब्दात ही सोय नाही. आतडी कुणाची? पुरवणीच्या संपादकाची? व्यायामशाळेतल्या तरुणाची? की अकरा दिवस औषधे पचवून पोटाची सालटी निघालेल्या एक्याऐंशी वर्षांच्या बाईची? त्या पाककृतीत साहित्य होते, कृती होती, छायाचित्र होते. खाणारा तेवढा नव्हता. माझा पहिला आणि मुख्य आक्षेप हा आहे. बाकीचे आक्षेप त्याच्या पोटातून निघालेले.

संध्याकाळी मी मनूला गॅलरीत बोलावले आणि म्हणालो, “सकाळी मी खोटं बोललो. भात वाईट झाला होता.”

तिला राग येईल असे मला वाटले होते. ती म्हणाली, “ते मला कळलं. पण का वाईट झाला?”

हा प्रश्न आमच्या वेळी कॉमर्सला नव्हता. आम्ही तोटा झाला की तो उजवीकडून डावीकडे नेऊन दाखवत असू, का झाला हे ऑडिटरने पाहायचे. मी माझ्या शंका ऑडिटरसारख्या तिच्यापुढे मांडल्या : दही कडू का, भात दगड का, आणि गरम भातात दही घालायचे प्रयोजन काय? पुढचे चार दिवस ती कॉलेजच्या बाईंना विचारत होती आणि पुस्तके धुंडाळत होती. गुरुवारी रात्री तिने मला अहवाल दिला. तो तिच्याच परवानगीने या परीक्षणात घेतो.

एक. कच्च्या अननसात ब्रोमेलेन नावाचे एंझाइम असते. ते प्रथिने तोडते. रात्रभर दह्यात अननस ठेवला की ते दह्यातल्या प्रथिनांचे तुकडे पाडत बसते, आणि ते तुकडे कडू लागतात. पपईतले पपेनही त्याच धंद्यातले. अननस शिजवला की ब्रोमेलेन निकामी होते, म्हणून अननसाचा शिरा कडू होत नाही. म्हणजे आमचा भात पचायला हलका होता यात शंका नाही. तो आम्ही खाण्यापूर्वीच पचायला लागला होता.

दोन. दह्यातले जंतू जिवंत असतात म्हणून त्यांचा मान. चांगल्या कढत भातात त्यांना सोडले की बहुतेक तिथेच मरतात. दहीभातात आपण भात निववून मग दही घालतो, ते उगीच नाही. पुरवणीतल्या बाईंनी पाहुण्यांना जेवायला बोलावले आणि दारातच उकळते पाणी ओतले.

तीन. शिजवलेला भात गार झाला की त्यातल्या काही स्टार्चची घडी अशी बसते की लहान आतड्यात तो पचत नाही. तो पुढे मोठ्या आतड्यात जातो आणि तिथले जंतू त्यावर जगतात. गार भाताचे कौतुक त्यासाठी. पण ही घडी मुख्यतः अमायलोज नावाच्या स्टार्चमुळे बसते, आणि थायलंडच्या चिकट तांदळात अमायलोज जवळजवळ नसतेच. नसते म्हणून तर तो चिकट. म्हणजे ज्या गुणासाठी भात गार करायचा, तो गुण ज्या तांदळात कमी, नेमका तोच तांदूळ मी ठाण्याहून आणला होता.

“मग थायलंडचे लोक वेडे काय?” मी विचारले.

“ते लोक गट-फ्रेंडली म्हणून खातच नाहीत,” मनू म्हणाली. “ते गोड म्हणून खातात.”

आणि मग तिने मला मूळचा पदार्थ सांगितला. तिकडे त्याला खाओ नियाओ मामुआंग म्हणतात. चिकट तांदूळ काही तास भिजवायचा, वाफेवर शिजवायचा, आणि गरम असतानाच त्यावर साखर आणि मीठ घातलेले नारळाचे दूध ओतून झाकून ठेवायचा, म्हणजे तो ते पिऊन घेतो. शेजारी पिकलेल्या आंब्याच्या फोडी. वरून नारळाचे घट्ट, खारट दूध आणि भाजलेल्या मूगडाळीचे चार दाणे. फ्रिज नाही, दही नाही, अननस नाही. २०२२ साली अमेरिकेतल्या कोचेला महोत्सवात मिली नावाच्या थाई गायिकेने रंगमंचावर उभे राहून तो खाल्ला, आणि तिकडे बँकॉकमध्ये दुकानांतून त्याला एकदम मागणी आली. आमच्याकडे एखाद्या गायिकेने शिवाजी मंदिरात उभे राहून सांदण खाल्ले असते तर प्रेक्षकांनी, खाणे झाल्यावर गा, असे सांगितले असते.

सांदणाचे नाव निघाले आणि आतल्या खोलीतून आवाज आला, “सांदण कोण करतंय?”

माईआत्या जागी होती. आम्ही दोघे आत गेलो. मनू तिच्या पलंगावर बसली आणि तिने वही काढली. मग तिने, पुरवणीने जे करायला हवे होते ते केले. तिने खाणाऱ्याला विचारले.

“आत्याआजी, तुला काय मानवतं?”

माईआत्या गप्प झाली. मला वाटले, ऐकू आले नाही. पण तिला ऐकू आले होते. तिला जन्मभर सगळ्यांनी, काय करतेस आज, असे विचारले होते. तुला काय मानवते, हे विचारायला कुणी आले नव्हते. मग हळूहळू उत्तरे आली. दूध सध्या चालत नाही, पोटात गुडगुडते. दुपारचे ताक-भात बरे वाटते. नारळाचे पातळ दूध चालेल, दाट नको. अननसाने जीभ चुरचुरते. आंबा आवडतो, पण अख्खा खाल्ला की रात्र बसून काढावी लागते, दोन फोडी पुरेत.

“आणि पपई?”

“पपईचा वास मला उभ्या जन्मात सोसला नाही,” माईआत्या म्हणाली. “दवाखान्यात रोज देत होते. म्हटलं, पैसे भरलेत तुम्ही, खावी.”

सांदणाची कृती तिने न विचारता सांगितली. बरक्या फणसाचा रस, तांदळाच्या कण्या, गूळ, नारळाचा रस, आणि वाफ. तांदूळ, नारळ आणि झाडावरचे फळ. थायलंड तिथून फार लांब नाही, असे मला त्या क्षणी वाटले. मनूने तिला थाई पदार्थ समजावला. वरून खारट नारळाचे दूध घालतात हे ऐकल्यावर माईआत्या उशीवरून उठून बसली.

“मीठ घालतात? मग ती बाई शहाणी आहे. नारळाच्या गोडाला मीठ नसलं तर ते गोड लागत नाही, नुसतं गुळमट लागतं. तुझ्या त्या भातात मीठच नव्हतं ग.”

एका आठवड्याने का होईना, खरे परीक्षण बाहेर पडले. आणि पोरीच्या चेहऱ्यावर त्याने दुःख झाल्याचे दिसले नाही. उलट ती खूश झाली. खोट्या ‘छान’पेक्षा खरे ‘मीठ नव्हते’ किती उपयोगी पडते, हे मी वीस वर्षे खिडकीत बसून शिकलो नव्हतो.

एका मुद्द्यावर मात्र दोघींची जुंपली. माईआत्याचे म्हणणे, भात रात्री करून ओट्यावर झाकून ठेवावा, सकाळी खावा. आम्ही जन्मभर शिळा भात खाल्ला. मनू म्हणाली, मुळीच नाही. भातात बॅसिलस सेरियस नावाचा जंतू असतो, तो शिजवूनही पुरता मरत नाही. भात उबेत पडला की तो वाढतो आणि असे विष करतो की पुन्हा गरम केले तरी ते जात नाही. तुझ्या पोटाची ही अवस्था, आणि बाहेर मे महिना. माईआत्या म्हणाली, आम्ही मेलो नाही ते. मनू म्हणाली, मेले ते सांगायला येत नाहीत. यावर माईआत्या एवढी हसली की तिला ठसका लागला. ठरले ते असे : भात सकाळी ताजा करायचा, निवला की खायचा, उरला तर तासाभरात फ्रिजमध्ये टाकायचा. मी हा ठराव वहीत लिहून घेतला.

पुढच्या रविवारी दुसरा प्रयोग. या वेळी तांदूळ घरातलाच, इंद्रायणी. मऊ होतो, अंगाला अंग लावून बसतो, पण चिकटून भांडत नाही. मनूने शोधून काढले की इंद्रायणी ही जातदेखील संकराची आहे. आई-बापांपैकी एक आपला आंबेमोहोर आणि दुसरा आय. आर. ८, जो १९६६ साली फिलिपीन्समधल्या संस्थेने बाहेर काढला. म्हणजे डब्यात फ्यूजन होतेच, मी उगीच ठाण्याला जाऊन आलो.

भात मऊ शिजवला. खाली उतरवून त्यात नारळाचे पातळ दूध, थोडा गूळ आणि मीठ. उकळी नाही, नाहीतर नारळ फुटतो. झाकून अर्धा तास. आंब्याच्या दोनच फोडी, बारीक चिरून, शेजारी. वरून भाजलेल्या मूगडाळीचे दाणे, थायलंडचा मान म्हणून. दही नाही. दही दुपारी ताक होऊन, आपल्या जागी, आपल्या वेळेला. चिया बिया परत करायला मी दुकानात गेलो होतो. घेतल्या नाहीत.

माईआत्याने पहिला चमचा घेतला. चेहरा नेहमीसारखाच ठेवलेला. दुसरा घेतला. मग म्हणाली, “मीठ अजून किंचित हवं होतं.” आणि तिसरा घेतला.

वाटी पूर्ण संपली नाही. अर्धी संपली. पण या वेळी ती खुर्चीखाली गेली नाही. माईआत्याने ती मांडीवरच ठेवली आणि म्हणाली, “राहू दे इथेच. घटकाभराने खाते.”

परीक्षणाच्या शेवटी गुण द्यायची पद्धत आहे. पुरवणीतल्या पाककृतीला मी शून्य देत नाही. तिने आम्हाला तांदूळ, नारळ आणि आंबा एकत्र येऊ शकतात ही आठवण दिली, तेवढे तिचे जमेला धरतो. नावे पडते ते एवढेच की, तिला मीठ आणि माणूस या दोन वस्तूंचा विसर पडला होता. मनूच्या दुसऱ्या प्रयोगाला किती गुण द्यायचे, हे मी त्यानंतरच्या रविवारवर सोडले होते.

तो रविवार काल होऊन गेला. सकाळी माईआत्याला काट्यावर उभी केली. आकडा ३६ किलो ९००. आधीच्या रविवारी होता तोच. वाढला नाही. पण आज सहा आठवड्यांत पहिल्यांदा खात्यातून काही काढले गेले नाही, अशी नोंद मी वहीत केली. ती करत असताना माईआत्या काट्यावरूनच मनूला हाक मारून सांगत होती की, आज मीठ घालायला ती स्वतः येणार आहे.